श्रेयनामावलीतली ती एक ओळ

पत्र (थोडक्यात):

"ताई, मी सांगलीची. वय ३२. नवरा दिग्दर्शक आहे आणि गेली सात वर्षं त्याच्या फिल्म मीच लिहिते. चार लघुपट झाले. चारही पटकथा रात्री सगळी निजानीज झाल्यावर ओट्याशी बसून लिहिल्या, संवादही माझेच. पोस्टरवर मात्र 'कथा-पटकथा-दिग्दर्शन' म्हणून त्याचं एकट्याचं नाव. तेव्हा मला त्याचं काही वाटलं नाही. आता एका कंपनीनं आमची वेब सिरीज घेतलीय. कराराचा मसुदा आलाय, त्यातही लेखक तोच. तो म्हणतो, एकच नाव असलं की पुढे बरं पडतं. सासूबाई म्हणतात, नवऱ्याचं नाव झालं ते तुझंच झालं.

दुसरं असं, की इथल्या फिल्म सोसायटीत मी जर्मन पटकथालेखिका थेआ फॉन हार्बू हिच्यावर बोलले. १९३१ च्या 'एम' या चित्रपटापर्यंत आले आणि तिथंच थांबले. एक काका उठून म्हणाले, 'नाझी बाईचं कौतुक कशाला करताय?' मला उत्तर देता आलं नाही. घरी येऊन रडले. ताई, नाव मागू की गप्प बसू? आणि तिच्याबद्दल बोलले, ते चुकलं का?"

*

प्रिय मैत्रिणी,

तू दोन प्रश्न वेगवेगळे लिहिलेस. मला ते एकच वाटतात. लिहिणाऱ्याच्या नावाचं करायचं काय, एवढाच तो प्रश्न आहे. आणि थेआच्या आयुष्यात त्याचं उत्तर इतकं स्पष्ट दिसतं, की तुझ्या कराराकडे मी तिच्याच वाटेनं येते.

तिचा नवरा, दिग्दर्शक फ्रिट्झ लांग, भेटण्याआधीची थेआ आधी बघ, कारण तिथं बहुतेक लोक पोचतच नाहीत. जन्म १८८८ चा, बव्हेरियातल्या होफ गावाजवळचा. आधी ती रंगभूमीवर नटी होती, मग कादंबऱ्या लिहायला लागली आणि त्या खपायलाही लागल्या. भारतातल्या एका महाराजाची आणि त्यानं बांधायला काढलेल्या कबरीची तिची कादंबरी १९१८ ची, भारताचं तोंडही न बघता लिहिलेली. १९२० मध्ये फ्रिट्झ लांगबरोबर पहिला चित्रपट लिहिला तेव्हा ती नाव असलेली लेखिका होती आणि तो अजून जम बसवत होता. लग्न १९२२ चं. म्हणजे दिग्दर्शकाशी लग्न केलं म्हणून ती लेखिका झाली नाही. हे तुझ्या सासूबाईंना सांगण्याजोगं आहे. रागानं नको, गोष्ट म्हणून सांग.

पुढची अकरा-बारा वर्षं बघ. 'डेर म्यूड टोड', 'डॉक्टर माबूझ', 'निबेलुंगेन'चे दोन भाग, 'मेट्रोपोलिस', हेरांवरचा 'श्पिओने', चंद्रावर जाणारा 'फ्राउ इम मोंड', मग 'एम'. लांगच्या जर्मनीतल्या त्या काळातल्या जवळजवळ प्रत्येक मोठ्या चित्रपटावर लेखनासाठी तिचं नाव आहे. त्याच दिवसांत ती मुर्नाऊ या दुसऱ्या जर्मन दिग्दर्शकासाठी 'फँटम' (१९२२) लिहीत होती आणि डॅनिश दिग्दर्शक ड्रायरसाठी 'मिखाएल' (१९२४). घरात दिग्दर्शक असताना ती बाहेरची कामं घेत होती, हे मनात ठेव. पुढे लागेल.

आता 'एम'ची सुरुवात. तू त्यावर बोललीस, तरी पुन्हा सांगते, कारण पटकथा म्हणजे काय हे मी नव्या मुलांना याच आठ मिनिटांवरून शिकवते. लहान मुलींचा खून करणारा एक माणूस बर्लिनमध्ये मोकाट फिरतोय. चाळीसारख्या इमारतीच्या अंगणात मुलं त्याच्यावरच रचलेलं गाणं म्हणत 'कोण बाद' खेळतायत. वर एक आई कपडे धुतेय. कुकूच्या घड्याळात बारा वाजतात, ती हात पुसून हसते, कारण शाळा सुटली. जेवणाची ताटली मांडते. रस्त्यावर तिची एल्सी चेंडू आपटत एका खांबापाशी येते. खांबावर खुन्याला पकडून देणाऱ्यासाठी १०,००० मार्कांच्या बक्षिसाची जाहिरात आहे. त्या जाहिरातीवर एका टोपीवाल्याची सावली पडते. तो गोड बोलतो आणि आंधळ्या फुगेवाल्याकडून तिला फुगा घेऊन देतो.

मग आई दर थोड्या वेळानं घड्याळ बघते. जिन्यात पावलं वाजली की दार उघडते. शेवटी नावानं हाका मारायला लागते आणि तिच्या हाकेवर आपल्याला दिसत राहतो रिकामा जिना. मग वाळत घातलेल्या कपड्यांचा माळा. मग ती ताटली, तशीच पडलेली. मग गवतातून चेंडू घरंगळत येतो आणि थांबतो. फुगा तारांत अडकतो, हलतो आणि निघून जातो.

खून दाखवलाच नाही. एक थेंब रक्त नाही. ताटली, चेंडू, फुगा. मी ही आठ मिनिटं किती वेळा पाहिली असतील, तरी त्या ताटलीपाशी माझा हात गळ्याकडे जातोच. ही निवड कागदावर होते, की सेटवर, की एडिटिंगच्या टेबलावर? तिन्ही ठिकाणी होते. श्रेयनामावलीत पटकथेसाठी थेआ आणि लांग अशी दोघांची नावं आहेत आणि मला ते योग्य वाटतं. यातला चेंडू कुणाचा आणि फुगा कुणाचा, हे आज कुणीही वेगळं काढून दाखवू शकणार नाही.

म्हणूनच सांगते, जोडीनं केलेल्या कामाची वाटणी नंतर करता येत नाही. ती आधीच लिहून ठेवावी लागते. कारण नंतर काय होतं, ते 'मेट्रोपोलिस'मध्ये दिसतं.

'मेट्रोपोलिस' १० जानेवारी १९२७ ला बर्लिनमध्ये झळकला. त्याची कादंबरी थेआची, तिच्याच नावावर छापलेली. वर राहणारे धनवान आणि जमिनीखाली यंत्रांना जुंपलेले कामगार, या दोघांना जोडणारं मधे काळीज हवं, असं त्याचं सार. शेवट मालक आणि फोरमन यांच्या हस्तांदोलनावर. त्या शेवटावर तेव्हाही टीका झाली आणि आजही होते, माझ्या मते रास्तच. पुढे अमेरिकेत गेल्यावर लांगनं म्हटलं, की ती मांडणी मुळात थेआची. निदान अर्धी जबाबदारी त्यानं स्वतःकडे घेतली, तेवढा प्रामाणिकपणा त्याच्यात होता. पण लोकांच्या बोलण्यात काय उरलं, ते बघ. ती उंच उंच शहरं, तो यंत्रमानव, त्या गर्दीच्या लाटा, हे सगळं लांगचं. तो भाबडा शेवट बाईचा.

'फ्राउ इम मोंड'चंही तसंच. १९२९ चा मूकपट. रॉकेट सुटण्याआधी पडद्यावर आकडे उलटे येतात आणि शेवटी 'आता!'. ती उलटी मोजणी आपल्याला सुचली, असं लांग सांगायचा. असेलही. पण कादंबरी तिची आणि पटकथेवर नाव तिचं असताना, त्या मोजणीबद्दल तिला विचारलं कुणी?

मैत्रिणी, तुझ्या घरातही हेच होईल. सिरीज चालली, तर ती त्याची. पाचवा भाग पडला, की आतल्या माणसांत कुजबुज होईल, 'बायको लिहिते ना, त्यामुळे.' नाव नसलं की वाईटापासून तरी सुटका होते, असं वाटतं. होत नाही.

थेआच्या बाबतीत एक गोष्ट तिला वाचवून गेली. तिचं नाव पडद्यावर होतं आणि पुस्तकांच्या मुखपृष्ठावरही होतं. पुढे कितीतरी वर्षं त्या चित्रपटांना फक्त 'लांगचे चित्रपट' म्हणत राहिले, तरी ज्यानं कुणी शोध घेतला त्याला तिचं नाव सापडलं. ती ओळ पडद्यावर असते तोवर वाद घालता येतो. तुझ्या चार लघुपटांवर ती नाहीच. उद्या एखादी मुलगी तुझ्यावर बोलायला उभी राहिली, तर ती कशाच्या आधारावर बोलेल?

आता त्या काकांकडे येऊ.

काका बरोबर होते. त्यांचा सूर कडक असेल, तरी मुद्दा खरा होता, आणि तू १९३१ ला थांबायला नको होतंस. १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले. लांग-थेआचा 'डॉक्टर माबूझचं मृत्युपत्र' जर्मनीत बंदीत अडकला, दोघांचा घटस्फोट झाला, लांग देश सोडून गेला. ती राहिली. १९३४ मध्ये दोन चित्रपट स्वतः दिग्दर्शित केले आणि पुढे युद्ध संपेपर्यंत लिहीत राहिली. ती नाझी पक्षाची सदस्यही झाली. तिथं तिच्यावर कुणी नवऱ्याची सावली पाडली नव्हती. जे लिहिलं, ते तिचं तिनं लिहिलं.

तू एकच चित्रपट बघ, १९३७ चा 'डेर हेर्शर'. हेर्शर म्हणजे सत्ताधीश. मूळ नाटक गेरहार्ट हाउप्टमानचं. त्यात एक म्हातारा प्रतिष्ठित माणूस तरुण मुलीवर प्रेम करतो, घरचे त्याला वेडा ठरवायला निघतात आणि शेवटी तो जीव देतो. थेआनं एका सहलेखकाबरोबर त्याची पटकथा केली, तेव्हा तो म्हातारा पोलादाचा कारखानदार झाला. तो मरत नाही. घरच्यांना झिडकारतो आणि सगळा कारखाना राष्ट्राच्या, म्हणजे त्या राजवटीच्या हवाली करतो. जीव देणाऱ्या माणसाच्या जागी एक पुढारी उभा केला. घर तेच, भांडण तेच, म्हाताऱ्याचा धंदा आणि शेवट बदलला आणि नाटक प्रचार होऊन बसलं. हे कसबाचं काम आहे. 'एम'मध्ये ताटली कुठं ठेवायची हे ज्या दोघांना कळलं, त्यांतल्याच एका हाताला हेही नेमकं जमलं. मला तिच्याबद्दल सगळ्यात जास्त त्रास याचाच होतो.

युद्धानंतर तिनं सांगितलं, की पक्षात शिरले ती जर्मनीतल्या भारतीयांना मदत करता यावी म्हणून. आणि इथं आपल्या मराठी माणसांचा पाय घसरू शकतो, म्हणून जरा थांबते. तिचा लांगनंतरचा जोडीदार आपल्याच भागातला होता, बेळगावजवळच्या बेळगुंदीचे आयी तेंडुलकर. बर्लिनमध्ये शिकत होते, पत्रकारिता करत होते, तिच्याहून बरेच लहान. त्या राजवटीत असलं नातं उघडपणे मिरवता येण्याजोगं नव्हतं, लग्न गुपचूप झालं. युद्धाच्या तोंडावर ते भारतात परतले, स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगात गेले आणि पुढे गांधीजींच्या आशीर्वादानं त्यांचं इंदुमती गुणाजी यांच्याशी लग्न झालं. त्यांच्या मुलीनं या तिघांच्या आयुष्यावर इंग्रजीत पुस्तकही लिहिलंय. गोष्ट मोठी ओढ लावणारी आहे. बेळगावचं नाव निघालं, की आपल्याला ती बाई आपली वाटायला लागते आणि मग तिचे अपराध आपण हळूच हलके करायला लागतो. मी स्वतः तसं एकदा केलंय, एका व्याख्यानात. आज करणार नाही. तिनं भारतीयांना मदत केली असेल. तेंडुलकरांवर तिचं प्रेम होतं, यात मला शंका नाही. १९३१ मध्ये गर्भपातबंदीच्या २१८ व्या कलमाविरुद्धच्या मोहिमेत ती जाहीरपणे उभी राहिली, हेही खरं. पण 'डेर हेर्शर'वरचं नाव यातल्या कशानंही पुसलं जात नाही.

युद्धानंतर ब्रिटिशांनी तिला छावणीत ठेवलं. सुटल्यावर ती बर्लिनच्या ढिगाऱ्यातल्या विटा उचलणाऱ्या बायकांत होती. पुढे डबिंगची कामं मिळाली. १९५४ च्या उन्हाळ्यात बर्लिनमध्ये 'डेर म्यूड टोड'चा खेळ होता, तिला सन्मानानं बोलावलं होतं. तिथून बाहेर पडताना ती पडली. कंबरेला मार लागला आणि काही दिवसांत, १ जुलैला ती गेली. ६५ वर्षांची होती.

तर काकांना उत्तर असं: 'हो, नाझी पक्षाची सदस्य होती, आणि म्हणूनच तिच्याबद्दल बोलायला हवं.' तुझं बोलणं चुकलं नाही, अर्धवट राहिलं. आणि ते अर्धवट का राहिलं, याचा शांतपणे विचार कर. तुला ती बिनडागाची हवी होती, कारण तिच्यात तू स्वतःला बघत होतीस. तुझं श्रेय हिरावलं जातंय, म्हणून तुला तिच्यावरही फक्त अन्यायच झालेला बघायचा होता. हे मला समजतं. पण ज्या ओळीनं आपल्याला 'एम'साठी तिला मान देता येतो, त्याच ओळीनं 'डेर हेर्शर'चा जाब विचारता येतो. नाव लावायचं, तर दोन्हीसाठी लावायचं.

म्हणून तुझ्या करारावर तुझं नाव हवं. नुसता हक्क म्हणून नाही. उद्या त्या सिरीजमधल्या एखाद्या संवादानं कुणाचं मन दुखावलं किंवा एखादं पात्र फसलं, तर 'हे मी लिहिलं' असं म्हणणारं माणूस समोर हवं. तुझा नवरा तुझ्या वतीनं तो जबाब देऊ शकणार नाही, कारण ते वाक्य का लिहिलं हे त्याला माहीतच नाही.

आता कामाचं. मी वकील नाही, सहीआधी एका वकिलाला मसुदा दाखवच, पण एवढं तुझ्या डोक्यात असू दे. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं ५७ वं कलम सांगतं, की हक्क विकून टाकले तरी 'हे माझं लेखन आहे' असं म्हणण्याचा लेखकाचा अधिकार उरतो. २०१२ च्या दुरुस्तीनंतर, चित्रपटासाठी हक्क दिले तरी सिनेमागृहाबाहेरच्या वापरातून येणाऱ्या रॉयल्टीतला वाटा मागण्याचा लेखकाचा हक्कही शाबूत राहतो. पण हे सगळं लेखकासाठी आहे. कागदावर लेखक म्हणून तूच नसशील, तर कलम कुणाच्या बाजूनं उभं राहणार? मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सदस्यत्व घे आणि पटकथा तिथं नोंदव. ते ऑनलाइन होतं. नोंदणीनं मालकी मिळत नाही, पण त्या तारखेला हा मजकूर तुझ्या हातात होता, याचा पुरावा मिळतो.

पुराव्याचं मी उगाच सांगत नाही. खूप वर्षांपूर्वी एका मालिकेचे संवाद मी आठ महिने लिहिले. नाव गेलं दुसऱ्याचं. भांडायला गेले, तेव्हा कळलं, माझ्याकडे काहीच नाही. कच्ची पानं रद्दीत गेलेली, बोलणं सगळं फोनवर. तुझ्या ओट्याजवळच्या वह्या, मेल, मोबाइलवर नवऱ्याला पाठवलेले प्रसंग, हे सगळं आजच एका जागी जमव. त्याच्याविरुद्ध वापरण्यासाठी नाही. तू लिहिलंयस हे तुला स्वतःला विसरायला होऊ नये म्हणून.

नवऱ्याशी बोलताना रडत बोलू नकोस आणि सात वर्षांचा हिशेबही काढू नकोस. वाईट माणूस असता तर तू तसं लिहिलं असतंस. मला तो सवयीत अडकलेला वाटतो. त्याच्यासमोर मसुदा ठेव आणि म्हण, 'कथा-पटकथा-संवाद' या ओळीत माझं नाव येईल, 'दिग्दर्शन' या ओळीत तुझं. कथा दोघांनी मिळून रचली असेल, तर तिथं दोघांची नावं. कंपनीला दोन नावांची अडचण नसते. नवरा-बायको जोडीनं लिहितात, हे आता कुणालाच नवं राहिलेलं नाही. अडचण त्याला स्वतःलाच असेल, तर ती नीट ऐकून घे. बहुतेक वेळा त्यामागे भीती असते, की बायको लिहिते हे कळलं तर लोक आपल्याला काय समजतील. ती भीती खरी आहे. तिला उत्तर देता येतं. पण तिच्यासाठी आपलं नाव देऊन टाकता येत नाही.

आणि मघाशी म्हटलं होतं, मनात ठेव. येत्या वर्षभरात एक पटकथा दुसऱ्या कुणासाठी तरी लिही. लघुपट असो, एखाद्या मुलाचा डिप्लोमा चित्रपट असो, छोटं काम चालेल. थेआ एकाच काळात लांगकडेही लिहीत होती आणि मुर्नाऊकडेही. दुसऱ्या दिग्दर्शकाच्या हातात आपलं पान गेलं, की त्यात आपलं काय आणि त्याचं काय, ते पहिल्यांदा दिसतं. घरात ते कधीच दिसत नाही, कारण जेवताना बोललेलं वाक्य दुसऱ्या दिवशी दोघांचंच होऊन गेलेलं असतं.

फिल्म सोसायटीला फोन कर आणि अजून एक संध्याकाळ माग. या वेळी 'एम'ची पहिली आठ मिनिटं दाखव. मग दिवे न लावता 'डेर हेर्शर'चा शेवट दाखव. मग दोन्हींची श्रेयनामावली. काकांना पहिल्या रांगेत बसव, त्यांच्याकडे बोलण्यासारखं नक्की असेल.

करारावर काय झालं, ते कळव.

तुझी,
ताई